मुदतीचा काळ कोणासाठी थांबतो?

मा. संपादक,
सादर नमस्कार.

सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२५ मध्ये कर्नाटक गृहनिर्माण मंडळाच्या एका प्रकरणात दिलेल्या निकालाकडे आपल्या वाचकांचे लक्ष वेधावे, म्हणून हे पत्र लिहीत आहे. मंडळाने अपील दाखल करण्यास ३,९६६ दिवसांचा, म्हणजे जवळजवळ ११ वर्षांचा उशीर केला होता. तो उशीर तेथील उच्च न्यायालयाने माफ केला आणि सर्वोच्च न्यायालयाने ती माफी रद्द केली. निकाल योग्यच आहे, त्याबद्दल वाद नाही. मला अस्वस्थ करते ते निराळेच. एक सरकारी मंडळ ११ वर्षांनी न्यायालयात येऊन ‘मधला काळ धरू नका’ असे म्हणू शकते, एक उच्च न्यायालय ते मान्यही करते; आणि त्याच मुदतीच्या कायद्याखाली एखाद्या शेतकऱ्याचा दावा एक दिवस उशिरा आला म्हणून फेटाळण्यावाचून न्यायाधीशांपुढे पर्याय उरत नाही. हे कसे घडते, हे वकिली करणाऱ्यांना ठाऊक असते. पण ज्यांच्या जमिनी आणि पैसे त्यात अडकलेले असतात, त्यांना ते बहुधा वेळ निघून गेल्यावरच कळते.

आपल्याकडे १९६३ चा मुदतीचा कायदा हा काळाच्या ओघाला कोठे, कोणासाठी आणि किती अपवाद करायचा हे ठरवणारा कायदा आहे, असे म्हटले तर अतिशयोक्ती होणार नाही. त्याचा पाया कलम ९ मध्ये आहे: मुदत एकदा धावू लागली की नंतर आलेली कोणतीही असमर्थता तिला थांबवू शकत नाही. कलम ३ तर याहून कठोर आहे. मुदत संपल्यावर आणलेला दावा, समोरच्याने मुदतीचा मुद्दा काढला नाही तरी, न्यायालयाने फेटाळलाच पाहिजे. प्रतिवादी गप्प बसला म्हणून वादी सुटत नाही. उसने दिलेल्या पैशांसाठी ३ वर्षे, खरेदीचा करार पुरा करून घेण्यासाठी ३ वर्षे, मालकी हक्काने जमिनीचा ताबा मागण्यासाठी १२ वर्षे, हुकूमनाम्याच्या दरखास्तीसाठी, म्हणजे निकालाची अंमलबजावणी करून घेण्यासाठी, १२ वर्षे, अशा मुदती ठरलेल्या आहेत आणि त्या ठरलेल्या असाव्यात हेच बरे. पन्नास वर्षांपूर्वीच्या व्यवहाराचा साक्षीदार आणायचा कोठून आणि पावती सापडायची कोणत्या पेटीत?

या ओघाला कायद्याने काही अपवाद केले आहेत आणि त्यांतले बहुतेक विचारपूर्वक केलेले आहेत. दाव्याचे कारण घडले तेव्हा वादी अज्ञान (म्हणजे १८ वर्षांखालील) किंवा वेडसर असेल, तर ती अवस्था संपल्यावर त्याची मुदत मोजायला लागायची, मात्र त्या वाढीला ती अवस्था संपल्यापासून ३ वर्षांची कमाल मर्यादा. वडील गेल्यावर आईने अज्ञान मुलाच्या नावची जमीन न्यायालयाची परवानगी न घेता विकली असेल, तर त्या मुलाला वयाच्या २१व्या वर्षापर्यंत तो व्यवहार रद्द करून मागता येतो, त्यानंतर नाही. कोणी फसवणूक करून हकीकत दडवली असेल, तर ती उघडकीस येईपर्यंत मुदत सुरूच होत नाही. निकालाची नक्कल तयार होण्यास लागलेले दिवस अपिलाच्या मुदतीतून वगळतात. मुदतीचा शेवटचा दिवस न्यायालयाच्या सुट्टीत आला, तर न्यायालय उघडेल त्या दिवशी दाखल केलेला कागद वेळेतच आला असे धरतात; उन्हाळी सुट्टीनंतरच्या पहिल्या दिवशी दिवाणी न्यायालयाच्या खिडकीपुढे जी रांग लागते तिचे एक कारण हेच. प्रामाणिकपणे पण चुकीच्या न्यायालयात लढण्यात गेलेला काळही वगळता येतो. आणि कराराच्या कागदावर तिथी, शक काहीही लिहिलेले असो, या कायद्यापुरती मोजणी इंग्रजी कॅलेंडरनेच होते, एवढेही कायद्याने सांगून ठेवले आहे.

काळाला असे अपवाद करणे ही काही इंग्रजांनी आणलेली कल्पना नाही. याज्ञवल्क्य स्मृतीच्या व्यवहाराध्यायात म्हटले आहे की, मालक डोळ्यांनी पाहत असूनही बोलत नाही आणि परका उपभोग घेतो आहे, असे चालले तर जमिनीची हानी २० वर्षांत होते आणि इतर धनाची १० वर्षांत. लगेच पुढच्या श्लोकात अपवाद येतात: गहाण, सीमा, विश्वासाने ठेवलेली ठेव, मंदबुद्धी माणसाचे व बालकाचे धन, स्त्रीचे धन, श्रोत्रियाचे (वेदाध्ययन केलेल्या ब्राह्मणाचे) धन आणि राजाचे धन. ज्याला पाहता येत नाही, समजत नाही किंवा बोलायला जागा नाही, त्याच्या बाबतीत काळाने हक्क संपत नाही, हे त्या यादीतले तत्त्व स्पष्ट आहे. शिवाय मुंबई इलाख्यात हिंदू धर्मशास्त्राच्या बाबतीत जिचा शब्द प्रमाण मानला जाई त्या मिताक्षरेने, म्हणजे या स्मृतीवरील विज्ञानेश्वरांच्या टीकेने, या वचनाचा अर्थ आणखी सौम्य केला. नष्ट होते ते मधल्या काळातील उत्पन्न, जमीन नव्हे, असे विज्ञानेश्वरांचे म्हणणे. आजच्या कायद्याचे कलम २७ मात्र १२ वर्षे उलटल्यावर जमिनीवरचा हक्कच संपवते. यादीतले ‘राजाचे धन’ पाहून थोडे हसू येते, कारण ती सवलत कोणत्याही राज्यात कोणी विसरलेले नाही.

आता मूळ मुद्द्याकडे येतो. विलंब माफ करण्याचा जो सर्वांत सढळ अधिकार न्यायालयाला आहे, तो कलम ५ मध्ये आहे. ‘पुरेसे कारण’ दाखवले की कितीही दिवसांचा उशीर माफ करता येतो. दिवसांची कमाल मर्यादा त्या कलमात नाही. परंतु हे कलम फक्त अपिले आणि अर्ज यांना लागू आहे, दाव्यांना लागू नाही. याचा व्यवहारातला अर्थ असा की, जो आधीच न्यायालयात पोहोचला आहे, ज्याच्यापाशी वकील आहे, त्याला उशीर झाला तर ऐकून घेण्याची सोय आहे. आणि जो पहिल्यांदाच न्यायालयाची पायरी चढतो आहे, त्याला ती नाही. इसार देऊन जमिनीचा करार केलेला माणूस घ्या. कराराच्या कागदात खरेदीखताची तारीख ठरलेली आहे. त्या तारखेला विकणारा म्हणतो, ‘जरा थांबा, पाडव्याला करून देऊ.’ पाडवा जातो, दसरा जातो, लग्नकार्य निघते, मुलगा परगावी आहे असे सांगितले जाते. नात्यागोत्यातला व्यवहार असल्यामुळे घेणारा नोटीस काढत नाही आणि पुढची तारीख कोणी कागदावर लिहूनही देत नाही. ठरलेल्या तारखेपासून ३ वर्षांवर एक दिवस झाला की त्याचा दावा मुदतबाह्य. त्याचे आजारपण, त्याचे निरक्षर असणे, त्याने भाबडेपणाने ठेवलेला विश्वास, यांपैकी काहीही न्यायाधीशांना विचारात घेता येत नाही. त्यांची इच्छा असली तरी कायदा त्यांना तो अधिकार देत नाही.

अपवादांच्या यादीतला विषमपणा आणखी एका ठिकाणी दिसतो. प्रतिवादी भारताबाहेर असेल तेवढा काळ मुदतीतून वगळला जातो. एकेकाळी परदेशी गेलेल्या माणसाला समन्स पोहोचवणे दुरापास्त होते, तेव्हा ती तरतूद शहाणपणाची होती. आज दुबईत असलेला ऋणको रोज व्हिडिओवर बोलत असतो, तरी त्याच्यापुरता काळ थांबलेला असतो. उलट वादी स्वतः तुरुंगात असेल, अंथरुणाला खिळलेला असेल, तर त्याच्यासाठी दावा दाखल करण्याची मुदत एक दिवसही थांबत नाही.

आणि सरकार? केंद्र व राज्य सरकारला बहुतेक सर्व दाव्यांसाठी ३० वर्षांची मुदत आहे. १९०८ च्या जुन्या कायद्यात ती ६० वर्षे होती, १९६३ मध्ये निम्मी झाली, एवढीच काय ती प्रगती. नागरिकाला जे पैसे ३ वर्षांत मागावे लागतात, तेच सरकारला ३० वर्षांत मागता येतात. स्थानिक संस्थेला सार्वजनिक रस्त्यावरचा गेलेला ताबा परत मिळवण्यासाठीही ३० वर्षे आहेत. याउलट मुंबई महानगरपालिकेने तिच्या कायद्याखाली केलेल्या कृतीबद्दल दाद मागायची असेल, तर १८८८ च्या अधिनियमाच्या कलम ५२७ प्रमाणे आधी एक महिन्याची नोटीस द्यायची आणि ६ महिन्यांच्या आत दावा आणायचा. बेकायदा रीतीने ताबा हिरावला गेलेल्या माणसाला मालकीच्या वादात न शिरता ताबा परत मागण्याचा जो ६ महिन्यांचा झटपट मार्ग विशिष्ट अनुतोष अधिनियमात आहे, तो सरकारविरुद्ध वापरता येत नाही, असे त्याच कलमात लिहून ठेवले आहे.

येथे सरकारच्या बाजूनेही काही सांगितले पाहिजे. गायरान, गावठाण, रस्ते, नदीनाल्यांचे काठ यांवर पाहणारा खाजगी मालक कोणी नसतो. तलाठ्याने दुर्लक्ष केले किंवा केल्यासारखे दाखवले, तर १२ वर्षांत गावाची जमीन एखाद्या बलदंडाच्या घशात जाईल. त्यामुळे सार्वजनिक जमिनीसाठी ३० वर्षे राहावीत, असेच माझे मत आहे. पैशांच्या दाव्यांना मात्र हे समर्थन लागू पडत नाही. ज्या खात्याकडे लेखापाल आहेत, लेखापरीक्षक आहेत, विधी अधिकारी आहेत आणि आता संगणकही आहेत, त्या खात्याला आपले येणे शोधण्यास एका निरक्षर माणसाच्या दसपट वेळ का लागावा?

अपिलांच्या बाबतीत न्यायालयांनी सरकारला कसे वागवले, याचा इतिहासही पाहण्यासारखा आहे. १९८७ मध्ये अनंतनागच्या भूसंपादन जिल्हाधिकाऱ्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने विलंबाकडे उदारपणे पाहावे, तांत्रिकतेपेक्षा न्यायाला महत्त्व द्यावे, असे सांगितले. देशभरातील विलंब माफीच्या अर्जांत हा निकाल इतक्या वेळा उद्धृत झाला आहे की, नवख्या वकिलालाही तो पाठ असतो. तेथे उशीर होता अवघ्या ४ दिवसांचा, आणि तो सरकारचाच होता. चार दिवसांसाठी उघडलेल्या त्या दारातून पुढे वर्षावर्षांचे उशीर आत आले. २०१२ मध्ये टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा उशीर माफ करण्यास नकार देताना, फाइल या टेबलावरून त्या टेबलावर जात होती हे कारण आता चालणार नाही, अशी समज न्यायालयाने दिली. २०२० मध्ये मध्य प्रदेश सरकारच्या ६६३ दिवसांच्या उशिराबद्दल २५,००० रुपयांचा दंड बसवून तो जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करावा, असा आदेश दिला. एवढे होऊनही ३,९६६ दिवसांचा अर्ज येतो आणि एक उच्च न्यायालय तो मंजूर करते, यावरून कागदावरची समज आणि रोजचा व्यवहार यांतले अंतर दिसते. भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्याच्या प्रकरणांत याची झळ सर्वाधिक बसते. शेतकऱ्याच्या बाजूने निकाल लागतो, त्याची रक्कम मिळण्याची वेळ येते, आणि मग सरकारचे मुदतबाह्य अपील विलंब माफीच्या अर्जासह दाखल होते. तो अर्ज चालू असेपर्यंत जमीन गेलेल्या माणसाचे वय मात्र वाढत असते.

काळ थांबवण्याचा अधिकार नीट कसा वापरावा, याचे एक उत्तम उदाहरण आपण सर्वांनी पाहिले आहे. करोनाच्या साथीत सर्वोच्च न्यायालयाने २३ मार्च २०२० रोजी स्वतःहून दखल घेऊन, १५ मार्च २०२० पासून देशातील सर्व न्यायालयांतील मुदती वाढवल्या. तो आदेश मधूनमधून बदलत गेला आणि अखेर १० जानेवारी २०२२ च्या आदेशाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा संपूर्ण काळ मुदतीच्या मोजणीतून वगळला गेला. जवळजवळ दोन वर्षे सगळ्या देशाचे मुदतीचे घड्याळ बंद होते. दाव्यांनाही ते लागू होते, केवळ अपिलांना नव्हे. गरीब, श्रीमंत, सरकार, सावकार असा भेद नव्हता. आणि या आदेशाचा फायदा घेऊन, ठरलेल्या ६० किंवा ९० दिवसांत आरोपपत्र दाखल न करताही आरोपीला कोठडीत ठेवता येईल, असा युक्तिवाद जेव्हा झाला, तेव्हा जून २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो ठामपणे नाकारला. ज्याला न्यायालयापर्यंत पोहोचता येत नव्हते, त्याच्यासाठी काळ थांबवला होता. ज्याने माणसाला कोंडून ठेवले आहे, त्याच्यासाठी नव्हे. अपवादाचे तत्त्व इतक्या स्वच्छपणे मांडलेले मी दुसरीकडे वाचलेले नाही.

याच्या अगदी उलट टोकाला काही नवे कायदे आहेत. वस्तू व सेवा कराच्या कायद्यात पहिल्या अपिलास ३ महिने आणि पुरेसे कारण असल्यास वर फक्त एक महिना मिळतो. लवादाच्या निवाड्याला आव्हान देण्यास ३ महिने आणि वर ३० दिवस, ‘त्यानंतर नाही’ असे स्पष्ट शब्द. मोठ्या कंपन्यांच्या बाबतीत ही शिस्त योग्य असेल. परंतु इचलकरंजी किंवा मालेगावातला छोटा कारखानदार, ज्याची करनोंदणी रद्द झाल्याचा आदेश केवळ पोर्टलवर चढवला जातो आणि ज्याचा हिशेबनीस तीन महिन्यांतून एकदा ते पोर्टल उघडतो, त्याला चार महिने उलटून गेल्यावर अपिलाचे दारच उरत नाही. मग थेट उच्च न्यायालयात रिट अर्ज, म्हणजे मोठ्या शहरातला वकील आणि तिथला खर्च.

कर्जदारांनाही एक गोष्ट सांगणे आवश्यक आहे, कारण येथे काळ उलट्या दिशेने फिरतो. मुदत संपण्यापूर्वी ऋणकोने कर्ज मान्य असल्याच्या कागदावर सही केली, तर सहीच्या दिवसापासून नवी मुदत सुरू होते. मुदत संपल्यानंतरही फेडण्याचे लेखी वचन सहीनिशी दिले, तर करार कायद्याच्या कलम २५ प्रमाणे ते बंधनकारक ठरते. वर्षअखेरीस ‘बाकी बरोबर आहे एवढीच सही करा’ म्हणून जो कागद पुढे केला जातो, त्याचे काम हेच असते. खरे कर्ज बुडवावे असे मी सुचवत नाही. पण सही कशासाठी घेतली जात आहे, हे त्या कागदावर ठळक मराठीत लिहिलेले असावे, इतकी अपेक्षा गैर नसावी.

माझ्या मते संसदेने मुदतीच्या कायद्यात दोन दुरुस्त्या कराव्यात. पहिली, दाव्यांनाही विलंब माफीची मर्यादित सोय द्यावी: कमाल ९० दिवस, आजारपण, कारावास, आपत्ती किंवा तत्सम खऱ्या असमर्थतेच्या कारणासाठी, आणि समोरच्याला खर्च देण्याच्या अटीवर. यामुळे मुदतीची शिस्त ढासळेल, असा आक्षेप माझे सहव्यावसायिक घेतील. अपिलांना कोणत्याही मर्यादेविना ही सोय अनेक दशके आहे आणि न्यायव्यवस्था त्यामुळे कोसळलेली नाही. ९० दिवसांनीही कोसळणार नाही. दुसरी, सरकारच्या पैशांच्या दाव्यांची मुदत ३० वर्षांवरून नागरिकांच्या बरोबरीला आणावी, फार तर ६ वर्षांवर ठेवावी, आणि सरकारच्या विलंब माफीच्या अर्जासोबत फाइल कोणाकडे किती दिवस होती याचा तक्ता जोडणे सक्तीचे करावे. जमिनीच्या दाव्यांना मात्र हात लावू नये.

तोपर्यंत महाराष्ट्रात एक गोष्ट कायदा न बदलताही करता येण्यासारखी आहे. न्यायालयातून मिळणाऱ्या नकलेवर अर्जाची तारीख, नक्कल तयार झाल्याची तारीख आणि ती दिल्याची तारीख असे शिक्के असतात. त्यांच्या खाली, या निकालावर अपील कोठे आणि किती दिवसांत करता येते, हे मराठीत छापण्याची व्यवस्था उच्च न्यायालयाने प्रशासकीय आदेशाने करावी: जिल्हा न्यायालयाकडे ३० दिवस, उच्च न्यायालयाकडे ९० दिवस, नक्कल मिळण्यास लागलेले दिवस वगळून. महसुली प्रकरणांतही, जिथे जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा कनिष्ठ अधिकाऱ्याच्या आदेशावर ६० दिवसांत अपील करायचे असते, तिथे फेरफाराच्या आदेशाखाली ही एक ओळ तलाठी कार्यालयाला सहज घालता येईल.

आपला विश्वासू,
एक निवृत्त दिवाणी वकील, सातारा